जोशी, दोशी आणि कोलकाता

जपानी व्याकरणात नामाच्या पाठोपाठ येऊन त्याचे वाक्यातले नाते सांगणाऱ्या छोट्या शब्दांना ‘जोशी’ म्हणतात आणि क्रियापदाला ‘दोशी’. मराठी माणसाला दोन्ही आडनावे शेजारपाजारची वाटावीत अशी. जपानीत ‘जो’ म्हणजे मदत, ‘दो’ म्हणजे हालचाल आणि ‘शी’ म्हणजे शब्द. एक मदतनीस शब्द, दुसरा हालचालीचा शब्द. कोलकात्यात गोलपार्कच्या रामकृष्ण मिशन इन्स्टिट्यूट ऑफ कल्चरमध्ये किंवा शहरातल्या दुसऱ्या एखाद्या वर्गात नव्याने जपानी शिकू लागलेला विद्यार्थी पहिले काही महिने या दोघांच्याच मागे असतो. कर्त्यापुढे ‘वा’ लावायचा की ‘गा’, ठिकाणापुढे ‘नि’ की ‘दे’, यावर वह्या भरतात.

कोलकात्याचा जपानशी घरोबा सव्वाशे वर्षांचा आहे. एवढ्या काळात या शहराने जपानकडून चित्रकला घेतली, ज्यूदो घेतला, कंगवे बनवण्याचे तंत्र घेतले, बौद्ध विद्वान बोलावले आणि आपला एक क्रांतिकारक तिकडे पाठवला. भाषा मात्र सर्वांत शेवटी आली. तिला एवढा उशीर का झाला, हे समजायला १९०२ सालाकडे जावे लागते.

त्या वर्षी ओकाकुरा काकुझो हे जपानी कलापंडित कोलकात्यात आले. विवेकानंदांना भेटले आणि ठाकूर घराण्यातल्या सुरेंद्रनाथांचे स्नेही झाले. त्यांचे ‘द आयडियल्स ऑफ द ईस्ट’ हे पुस्तक १९०३ मध्ये लंडनहून निघाले. त्याची प्रस्तावना भगिनी निवेदितांची होती. आशियाच्या ऐक्याचा पुकारा करणारे हे पुस्तक इंग्रजीत लिहिलेले होते. ओकाकुरा योकोहामात वाढले आणि लहानपणीच मिशनऱ्यांकडून उत्तम इंग्रजी शिकले. बंगाली भद्रलोकांनाही इंग्रजी तितकेच सराईत. दोन आशियाई घरांमध्ये जो पूल पडला तो तिसऱ्याच्या भाषेचा होता, आणि तो इतका सोयीचा होता की दुसरा बांधण्याची गरज कोणाला भासली नाही.

ओकाकुरांबरोबर होरी शितोकु नावाचा एक तरुण भिक्षू आला होता. त्याची ओढ वेगळी होती. त्याला संस्कृत शिकायचे होते. शांतिनिकेतनात रवींद्रनाथांचा ब्रह्मचर्याश्रम सुरू होऊन जेमतेम काही महिने झाले होते. होरी तिथे दाखल झाला आणि त्या संस्थेचा पहिला परदेशी विद्यार्थी ठरला. तो रोजनिशी लिहीत असे. पुढच्याच वर्षी, १९०३ मध्ये, उत्तर भारतात प्रवास करताना त्याचे निधन झाले. त्या आश्रमातून उभ्या राहिलेल्या विश्वभारती विद्यापीठाच्या पुढच्या साऱ्या जपानी नात्यांच्या मुळाशी हा अल्पायुषी विद्यार्थी आहे, आणि त्याची आठवण यापेक्षा अधिक ठेवली जायला हवी होती.

त्याच साली योकोयामा ताइकान आणि हिशिदा शुन्सो हे दोन चित्रकार कोलकात्यात राहून गेले. ताइकान रंगवलेल्या कागदावर पाण्याचा सपाट कुंचला कसा फिरवतात हे अवनींद्रनाथ ठाकूर पाहत राहिले आणि त्यातूनच बंगाली चित्रशैलीतले ते धूसर, ओलसर रंग आले. या शिकण्यात भाषेला फारसे काम नव्हते. डोळा आणि हात पुरे होते.

मे १९०५ मध्ये सुशिमाच्या समुद्रात जपानने रशियाचे आरमार बुडवले. त्याच वर्षी ऑक्टोबरात बंगालची फाळणी अमलात आली. कोलकात्यापासून पुण्यापर्यंत जपानच्या विजयाने माणसे भारावली. शांतिनिकेतनात सानो जिन्नोसुके हे ज्यूदोचे शिक्षक आले. मुलांना त्यांनी पडायला आणि पाडायला शिकवले, स्वतः मात्र बंगालीच्या इतके जवळ गेले की १९२४ मध्ये त्यांनी केलेला रवींद्रनाथांच्या ‘गोरा’ कादंबरीचा जपानी अनुवाद प्रसिद्ध झाला. म्हणजे शिकवायला आलेला माणूस भाषा शिकून गेला.

हे असेच पुन्हा पुन्हा घडत राहिले. कुलगुरू आशुतोष मुखर्जींच्या काळात कोलकाता विद्यापीठाने जपानी बौद्ध विद्वानांना व्याख्याते म्हणून बोलावले. यामाकामी सोगेन यांची बौद्ध दर्शनांवरची व्याख्याने विद्यापीठाने १९१२ मध्ये ग्रंथरूपाने छापली. किमुरा निक्की पाली शिकायला आधी चितगावला आले, बंगाली आत्मसात केली आणि पुढे कोलकाता विद्यापीठात शिकवू लागले. ३ मे १९१६ रोजी रवींद्रनाथ ‘तोसा मारू’ या जहाजाने कोलकात्याहून जपानला निघाले. त्या दौऱ्यात ते एका स्वागतसभेत बंगालीतून बोलले तेव्हा दुभाषी म्हणून किमुराच उभे होते. जपानी श्रोत्यांना बंगाली शब्द थेट जपानीत ऐकू आले, मध्ये इंग्रजी नव्हती. त्या काळात असे क्षण फार थोडे आले, आणि तो क्षण एका जपानी माणसाच्या अभ्यासामुळे आला हे नोंदवून ठेवले पाहिजे.

रवींद्रनाथांनी ‘जापानयात्री’त बाशोच्या बेडकाच्या हायकूसह काही जपानी कविता बंगालीत आणून दाखवल्या. इतक्या थोड्या शब्दांत कविता पुरी होते याचे त्यांना वाटलेले नवल त्या पुस्तकात आहे. मराठीत हायकू रुजवण्याचे काम बऱ्याच वर्षांनी शिरीष पै यांनी केले.

जपानला जाऊन धंदे शिकणाऱ्यांची वाट निराळी होती. १९०४ मध्ये कोलकात्यात योगेंद्रचंद्र घोष यांनी विद्यार्थ्यांना शास्त्रीय व औद्योगिक शिक्षणासाठी परदेशी पाठवणारी संस्था काढली. जशोरचे मन्मथनाथ घोष १९०६ मध्ये जपानला गेले, कंगवे तयार करायला शिकले आणि परतून त्यांनी जशोरमध्ये कंगव्यांचा कारखाना उभारला. ‘जापान प्रवास’ हे पुस्तकही लिहिले. कारखान्यात उभे राहून काम शिकणाऱ्याला इंग्रजीचा उपयोग नव्हता. ‘हे दे’, ‘तिथे ठेव’, ‘यानेच काप’ एवढे तरी कळावेच लागते, आणि या तीन वाक्यांत ‘ओ’, ‘नि’ आणि ‘दे’ हे तीन जोशी येऊन जातात.

महाराष्ट्रातही जपानची ओढ होती, पण तीही इंग्रजीच्या वाटेने. १९१५ मध्ये टोकियोच्या महिला विद्यापीठाची माहिती देणारी पुस्तिका धोंडो केशव कर्व्यांच्या हाती पडली, आणि पुढच्या वर्षी भारतातले पहिले महिला विद्यापीठ सुरू झाले. एका छापील पुस्तिकेने एवढे मोठे काम केले. जपानी शिकण्याची निकड मात्र तिने निर्माण केली नाही.

ती निकड भासली एका फरारी क्रांतिकारकाला. रासबिहारी बोस १९१५ च्या मे महिन्यात ठाकूर घराण्यातले असल्याची बतावणी करून कोलकात्याहून जहाजात बसले आणि जपानला पोहोचले. ब्रिटिशांच्या दडपणाखाली जपान सरकारने त्यांना देश सोडण्याचा हुकूम दिला, तेव्हा टोकियोच्या शिंजुकूतल्या ‘नाकामुराया’ या पाव-बेकरीच्या मालकांनी, सोमा दांपत्याने, त्यांना आपल्या आवारात लपवले. बाहेर पडायची सोय नाही आणि भोवती सगळे जपानी बोलणारे. रासबिहारी जपानी शिकले. १९१८ मध्ये त्यांनी सोमांची मुलगी तोशिको हिच्याशी लग्न केले, १९२३ मध्ये जपानी नागरिकत्व घेतले, पुढे जपानीतून पुस्तके लिहिली. १९२७ पासून नाकामुरायाने भारतीय पद्धतीची करी विकायला सुरुवात केली ती त्यांच्याच आग्रहाने, आणि ती करी तिथे आजही मिळते. या साऱ्या इतिहासात जपानी भाषा पुरती अंगवळणी पाडून घेणारा पहिला ठळक बंगाली माणूस हाच.

आता त्या भाषेच्या रचनेकडे वळू. कोलकात्याने किंवा पुण्याने एवढी वर्षे इंग्रजीतून जपानकडे का पाहिले हा प्रश्न तिथेच बोचरा होतो.

जपानी वाक्यात क्रियापद शेवटी येते. नामांच्या नात्यांचे शब्द नामानंतर येतात. इंग्रजी माणसाला हे सगळे उलटे वाटते. मराठी किंवा बंगाली माणसाला यात उलटे काहीच नाही, कारण तो जन्मापासून असाच बोलतो. ‘घरात’, ‘पुण्याहून’, ‘मित्राशी’ म्हणताना मराठी जे करते तेच जपानी करते. शेजारी बंगाली ठेवली तर वाट आणखी सोपी. मराठीत प्रत्यय लागण्याआधी नामाचे सामान्यरूप होते, घोडाचे घोड्या होते. बंगालीत तसे होत नाही आणि जपानीतही नाही. ‘मीही जाईन’ला बंगालीत ‘आमिओ जाबो’, जपानीत ‘वाताशि मो इकु’. ‘ही’, ‘ओ’, ‘मो’ तिघेही त्याच जागी. प्रश्न विचारताना जपानी वाक्याच्या शेवटी ‘का’ लावतात: ‘इकिमासु का?’ मराठी विद्यार्थ्याला हा ‘का’ शिकवावाच लागत नाही. ‘जाता का?’ म्हणणाऱ्याच्या तोंडात तो असतोच.

नकाराचेही तसेच. जवळ पैसे नसले तर बंगाली माणूस म्हणतो ‘टाका नेइ’, जपानी म्हणतो ‘ओकाने गा नाइ’. हे नाद जुळणे हा योगायोग आहे, नाते नाही. ओनो सुसुमु या जपानी विद्वानाने तमिळ आणि जपानी यांचे नाते लावून पाहिले, पण भाषाशास्त्रज्ञांनी ते मानले नाही. मराठी-बंगालीशी तर तसे नाते सांगायलाही आधार नाही. मुळे वेगळी असली तरी घडण सारखी आहे, आणि शिकणाऱ्याला घडणच उपयोगी पडते.

सर्वांत मोठे साम्य क्रियापदात सापडते. जपानीत क्रियापदाचे ‘ते’ रूप असते, आपल्या ‘ऊन’सारखे. ‘ताबेते’ म्हणजे खाऊन. त्यापुढे ‘मिरु’ म्हणजे पाहणे जोडले की ‘ताबेते मिरु’, म्हणजे खाऊन बघणे. इंग्रजीत यासाठी प्रयत्न करण्याचे वेगळे क्रियापद शोधावे लागते. मराठीत ‘खाऊन बघ’, बंगालीत ‘खेये देखो’, जपानीत तेच. पुढे ‘ओकु’ म्हणजे ठेवणे: ‘काइते ओकु’, लिहून ठेवणे, बंगालीत ‘लिखे राखा’. ‘ताबेते शिमाउ’ला मराठीत ‘खाऊन टाकणे’ आहे, बंगालीत ‘खेये फेला’. हातून काम पुरे झाल्याची आणि कधी कधी नको ते घडून गेल्याची छटा तिन्हीकडे आहे. इंग्रजी पुस्तकांत ही रूपे समजावायला कित्येक परिच्छेद लागतात. मराठी आईने मुलाला ‘दूध पिऊन टाक’ म्हटले की तो धडा झालेला असतो.

जपानीत अनियमित क्रियापदे मोजून दोन: ‘सुरु’ म्हणजे करणे आणि ‘कुरु’ म्हणजे येणे. मराठीतही ‘कर’चे ‘केले’ आणि ‘ये’चे ‘आला’ होताना नियम बाजूला राहतो. नामापुढे ‘सुरु’ लावून जपानी हवी तेवढी क्रियापदे तयार करते. ‘बेंक्यो सुरु’ म्हणजे अभ्यास करणे, आणि आपलेही ‘अभ्यास करणे’ असेच तयार झालेले आहे. मोजताना बंगाली ‘तिनजन’, ‘तिनटे’ असे माणसांना वेगळे आणि वस्तूंना वेगळे मोजते. जपानीत माणसे, कागद, पेन्सिली यांना मोजायचे शब्द वेगवेगळे. मराठीत ‘तीन जण’पुरताच हा प्रकार उरला आहे, त्यामुळे या धड्यात कोलकात्याचा विद्यार्थी पुण्याच्या विद्यार्थ्यापुढे असतो.

अडते कुठे? ‘नि’ आणि ‘दे’मध्ये. ‘कोलकात्यात राहतो’ आणि ‘कोलकात्यात काम करतो’ यांत मराठीला एकच ‘त’ पुरतो आणि बंगालीलाही एकच प्रत्यय. जपानीत राहण्याला ‘नि’ लागतो आणि काम करण्याला ‘दे’. शिवाय हाच ‘दे’ साधनालाही लागतो, ‘ट्रामने’मधल्या ‘ने’सारखा. सजीवाच्या असण्याला ‘इरु’ आणि निर्जीवाच्या असण्याला ‘आरु’, तर आपल्याकडे मांजरही आहे आणि पुस्तकही आहे. ‘देणे’ही दोन प्रकारचे: मी दुसऱ्याला दिले तर ‘आगेरु’, दुसऱ्याने मला दिले तर ‘कुरेरु’. आणि ‘वा’-‘गा’चा पेच तर प्रौढ विद्यार्थ्यालाही सोडत नाही. त्यातही मराठी उपयोगी पडते. ‘मला जपानी समजते’ या वाक्यात समजणारा कर्त्याच्या रूपात नाही आणि समजणारी वस्तू प्रथमेत आहे. जपानीत ‘वाताशि वा निहोंगो गा वाकारु’ म्हणताना ‘गा’ त्या वस्तूलाच लागतो. ‘मी तर जाणार’मधला ‘तर’ आणि बंगालीतला ‘तो’ ऐकला की ‘वा’ काय करतो याचा अंदाज येऊ लागतो. अंदाजच, कारण ‘वा’ आणि ‘तर’ तंतोतंत जुळत नाहीत.

लिपीतही एक जुना दुवा आहे. जपानी मुले ‘काना’ या जपानी लिपीची अक्षरे ‘आ, इ, उ, ए, ओ’ अशी घोकतात आणि पुढे ‘का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा’ या ओळी येतात. हा क्रम बौद्ध भिक्षूंनी सिद्धम् लिपी आणि संस्कृत वर्णमाला अभ्यासली त्यातून आला. ‘च’वर्गाच्या जागी ‘सा’ आहे आणि ‘प’वर्गाच्या जागी ‘हा’, कारण जुन्या जपानीत त्या ‘ह’चा उच्चार ‘प’ होता. भारताशी हा बौद्ध संपर्क फार जुना आहे: बोधिसेन हा भारतीय भिक्षू ७३६ मध्ये जपानला पोहोचला आणि ७५२ मध्ये नाराच्या महाबुद्धाच्या नेत्रोन्मीलनाचा विधी त्याच्या हातून झाला. बाराखडी घोकलेल्या मुलाला जपानी कोशात शब्द शोधणे अवघड जात नाही.

कोलकाता शहराचे भाषाशिक्षणातले पुण्य मोठे आहे आणि मराठी माणसावर त्याचे ऋण आहे. कोलकात्याजवळच्या श्रीरामपुरात १८०५ मध्ये विल्यम केरीचे मराठी व्याकरण छापले गेले. फोर्ट विल्यम कॉलेजात पंडित वैजनाथांच्या मदतीने केरी मराठी शिकवत असे. परकी भाषा शिकायची तर ती बोलणाऱ्या माणसाशेजारी बसून, हा धडा तिथे गिरवला गेला. उलट दिशेने पु. ल. देशपांडे पन्नाशीच्या सुमाराला बंगाली शिकायला शांतिनिकेतनात जाऊन राहिले आणि ‘वंगचित्रे’ लिहून गेले.

जपानीच्या बाबतीत मात्र मध्ये युद्ध आले. कोलकात्यात जपानचा वाणिज्य दूतावास १९०७ पासून होता. फुजी निचिदात्सु हे भिक्षू १९३१ मध्ये ढोलके वाजवत कोलकात्यात उतरले, १९३३ मध्ये वर्ध्याला गांधीजींना भेटले, आणि त्यांच्या पंथाचा मंत्र आश्रमाच्या प्रार्थनेत आला. त्यांनी १९३५ मध्ये स्थापन केलेले मंदिर ढाकुरियाच्या तळ्याकाठी अजून उभे आहे. पण डिसेंबर १९४१ नंतर भारतातल्या जपानी माणसांना स्थानबद्ध केले गेले आणि पुढच्या डिसेंबरात जपानी विमानांनी कोलकात्यावर बाँब टाकले. जपानी बोलणे संशयाचे झाले.

भाषा खऱ्या अर्थाने अभ्यासक्रमात आली ती १९५४ मध्ये, विश्वभारतीत. होरीला जाऊन अर्धशतक उलटले होते. १९६७ मध्ये आझुमा काझुओ तिथे शिकवायला आले आणि १९७१ पर्यंत राहिले. जपानला परतल्यावर रवींद्रनाथांच्या साहित्याच्या १२ खंडांच्या जपानी आवृत्तीमागे ते उभे राहिले, आणि शांतिनिकेतनातल्या निप्पॉन भवनासाठी त्यांनी वर्षानुवर्षे पैसे गोळा केले. ते भवन १९९४ मध्ये उघडले. कोलकात्यात सॉल्ट लेकमधल्या रवींद्र-ओकाकुरा भवनामागेही आझुमाच होते. ऑगस्ट २००७ मध्ये पंतप्रधान शिंझो आबे कोलकात्याला आले तेव्हा त्या भवनाचे उद्घाटन झाले. एका शिक्षकाने दोन देशांसाठी एवढे करावे याचे मोल इमारतींत मोजता येत नाही.

आज जुलै आणि डिसेंबरच्या पहिल्या रविवारी होणाऱ्या जपानी भाषाक्षमता परीक्षेचे कोलकाता हे एक केंद्र आहे, जसे पुणे आणि मुंबई. सुरुवातीच्या पातळीला साधारण ८०० शब्द आणि १०० कांजी म्हणजे चिनी अक्षरे यायला हवीत असे जुने माप आहे. विद्यार्थी आता नोकरीसाठी येतात, संगणकाच्या कंपन्यांसाठी, कारखान्यांसाठी, आणि त्यात कमीपणा काही नाही. मन्मथनाथही कामासाठीच गेले होते. अडचण आहे ती वर्गातल्या समजावणीची. ती आजही बहुतेक इंग्रजीतून होते. ‘नि’साठी इंग्रजीतले तीन-चार शब्द पाठ करायचे, मग ते शब्द मनात मराठीत फिरवायचे, असा दुहेरी वळसा विद्यार्थी घालतो.

एन.एच.के. या जपानी प्रसारण संस्थेचे प्राथमिक जपानी धडे बंगालीत आणि हिंदीत मिळतात. मराठीत मिळत नाहीत. पुण्यात आणि मुंबईत जपानी शिकवणारी अनुभवी माणसे आहेत, ‘तोत्तोचान’ हे जपानी पुस्तक मराठी घराघरात पोहोचवणारे वाचक आहेत. त्या शिक्षकांना एकच विनंती आहे. पुढच्या तुकडीला ‘ते’ रूप शिकवताना फळ्यावर इंग्रजी वाक्याऐवजी ‘खाऊन बघ’, ‘लिहून ठेव’, ‘करून टाक’ ही तीन वाक्ये लिहा आणि त्यांच्या खाली जपानी लिहा. कोलकात्यातल्या शिक्षकांनी हेच बंगालीत करावे.